समुद्र मिटवणारे दोन दगड

सर,

तुमचा दगड आता माझ्याकडे नाही. हे आधीच लिहून टाकते, कारण तुम्ही समोर असतात तर तासभर इकडचं तिकडचं बोलले असते, काकूंच्या हातचा चहा प्यायले असते आणि निघताना दारात चपला घालता घालता कसंबसं पुटपुटले असते. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी तुमच्यापुढे माझी जीभ जड होते. गेलेल्या माणसाला इतकं भिणारी मी एकटीच असेन.

तो सहलीचा दिवस तुम्हाला आठवत असेल. लोणावळ्याच्या पुढे, कड्याच्या अलीकडे तुम्ही आम्हाला ओळीने बसवलंय. खाली कोकण धुरकट दिसतंय. तुम्ही विचारता, सह्याद्री म्हणजे काय? आणि मी पहिल्या बाकावरच्या तोऱ्यात म्हणते, "पर्वतरांग." तुम्ही एकदम भडकता. "तळेगावात राहतेस ना? तिथून इथवर आलीस, अंगावर येणारा चढ लागला कुठे?" "नाही सर." "मग पर्वत कुठून आणलास? आमच्या मालवणच्या माणसानं म्हटलं तर समजू शकतो, तो खालून बघतो. तू देशावरची. हा काठ आहे, काठ! इथं जमीन फाटली." माझे कान तापले. मुलं खुसखुसत होती. तुम्ही मात्र रंगात आला होतात. "हिमालय टकरीतून झाला रे, आणि सह्याद्री ताटातुटीतून." मादागास्कर आपल्याला चिकटून होतं, ते सुटलं. पुढे लाव्हाचे थरावर थर साचले, पश्चिमेचा आणखी एक तुकडा निघून गेला, मध्ये समुद्र शिरला आणि फाटलेली कड हळूहळू वर उचलली गेली. कडा तेव्हा पार समुद्राकडे होता, पावसानं कुरतडत कुरतडत इथवर मागे आणला. "आणि आपली इंद्रायणी बघा. समुद्र खाली हाकेवर. पण कड वर उचललेली, म्हणून बाई पाठ फिरवून निघाली पूर्वेला, भीमेला धरून, कृष्णेला धरून, थेट बंगालच्या उपसागरात." परतीच्या बसमध्ये तुम्ही माझ्या शेजारी येऊन बसलात आणि शेंगदाण्यांची पुडी पुढे केलीत. माफी मागायची तुमची तीच रीत होती.

तुमच्या वर्गातल्या माझ्या शेवटच्या वर्षी तुम्ही मला तो दगड दिलात. मुठीत मावेल एवढा, करड्या आणि गुलाबी पट्ट्यांचा, तुमच्या मालवणकडच्या घराच्या परड्यातला. आमच्याकडे जिकडे खणावं तिकडे काळा पाषाण, असला रंगीत दगड मी हातात धरला नव्हता. त्याचा जोडीदार तुमच्याकडे होता. बोटीवर नोकरी करणाऱ्या तुमच्या पुतण्यानं तो मादागास्करहून आणला होता. खंडेनवमीला चिंचवडच्या तुमच्या गल्लीत लेथ मशिनपासून स्कूटरपर्यंत सगळ्यांना झेंडूच्या माळा पडायच्या, आणि तुम्ही पाटावर तुमचा हातोडा आणि हे दोन दगड मांडायचात. पट्ट्याला पट्टा लागेपर्यंत ते फिरवत बसायचात. लागला की म्हणायचात, "समुद्र मिटला!" मग काकू हळदकुंकू वाहायच्या, आणि मला माझा दगड कुंकवासकट परत मिळायचा, पुढच्या वर्षी घेऊन ये म्हणून.

चारपाच वर्षं आणला. मग चाकणला नोकरी लागली, गाड्यांचे सुटे भाग करणाऱ्या कंपनीत, खरेदी विभागात. खंडेनवमीला कंपनीतच पूजा असते, असं मी तुम्हाला फोनवर सांगितलं. पुढच्या वर्षी फोनही केला नाही. तुम्ही गेलात तेव्हा भेटायला आले आणि कंपनीची बस चुकेल म्हणून लगेच निघाले. लिहितानाही लाज वाटते.

लग्नानंतर दगड स्वयंपाकघराच्या खिडकीत असायचा. एकदा भाजी निवडता निवडता सासूबाईंनी विचारलं, "हा कंचा देव गं?" काय सांगणार होते? की माझ्या एका सरांना वाटायचं, ही पोरगी पुढे शिकेल, डोंगर वाचेल? आणि मी दिवसभर नटबोल्टचे भाव पाडते? मी म्हटलं, "देव कसला, असाच आहे." तुम्हाला मी तिथे एका वाक्यात नाकारलं.

यंदा नवरात्रात काकूंचा फोन आला. "खंडेनवमीला ये. तुझा दगड आण. ह्यांचा एकटाच पडलाय." मी खिडकीकडे बघितलं आणि मग लक्षात आलं, की या नव्या फ्लॅटच्या खिडकीत तो मी कधी पाहिलाच नव्हता. सासूबाईंना विचारलं. त्या सहज म्हणाल्या, "त्यो व्हय? घर बदलताना इंद्रायणीत सोडला. तूच म्हनलीस, असाच हाय. पर कुकू लावल्यालं कुनी कचऱ्यात टाकतं व्हय? हात जोडले अन् सोडला." त्यांचं काहीच चुकलं नव्हतं. माहीत नसलेल्या दगडाला त्यांनी हात जोडले होते. आता तुमचा मालवणचा दगड इंद्रायणीच्या तळाशी आहे, आणि कधी हललाच तर तुम्ही सांगितलं तसा पूर्वेला जाईल, आपल्या समुद्राकडे पाठ करून.

मी काय केलं ते ऐका. चाकण रस्त्यावर ओट्याचे दगड विकणारा एकजण आहे, त्याच्या भंगारातून पट्टेवाला तुकडा निवडला. "मॅडम, एवढ्याशा तुकड्याचं काय करणार?" त्यानं विचारलं. मी म्हटलं, "पूजेला पाहिजे." घरी येऊन हातोडीनं कडा फोडल्या, वर कुंकू चोळलं, जुनं दिसावं म्हणून पुसलं. एक बाजू पॉलिशची राहिली. काकूंना मोतीबिंदू आहे, एवढ्या भरवशावर निघाले.

"इलंस गो? ये," काकू दारातच म्हणाल्या. "तू किती बारीक झालीस! ऑपरेशन झाल्यापासून सगळं कसं लख्ख दिसतं बघ." मला तिथूनच पळून जावंसं वाटलं. त्यांनी पाट मांडला, तुमचा हातोडा ठेवला, मादागास्कर ठेवलं. मी माझा तुकडा दिला. त्यांनी तुमच्यासारखाच तो फिरवून पाहिला, पट्ट्याला पट्टा काही लागेना. मग त्यांचा अंगठा त्या गुळगुळीत बाजूवर गेला आणि तिथेच थांबला. त्यांनी ती बाजू पाटाकडे केली, वरून हळदकुंकू वाहिलं आणि म्हणाल्या, "तू इलंस, ह्यांना बरं वाटलं असतं." समुद्र मिटला, असं काही त्या म्हणाल्या नाहीत. निघताना मादागास्करचा दगड माझ्या ओंजळीत ठेवला. "माझ्या मागे पोरं टाकून देतील. तुझ्याकडे जपून राहील." आणि मी तो घेतला, सर. ओट्याचा तुकडा त्यांनी स्वतःकडे ठेवून घेतला.

काल खिडकीत तो नवा दगड बघून सासूबाईंनी पुन्हा विचारलं, हा कंचा देव. या वेळी मी सांगितलं, माझ्या सरांचा आहे. "मग नीट ठिव की," त्या म्हणाल्या, आणि भांडी लावायला लागल्या. इतकं सोपं होतं ते.

हे पत्र खरं म्हणजे काकूंना लिहायला हवं. त्या चिंचवडलाच आहेत, फोन केला तर दुसऱ्या रिंगला उचलतात. म्हणून तर तुम्हाला लिहिते आहे.