अकरा मिनिटं बसलेली रुचिका

तीर्थस्वरूप गोवर्धन मामाजी आणि धुरपता मामी यांना दवनीवाड्याहून ओमेशचा दंडवत.

इकडे सगळे खुशाल. चिचगडला तुमचं धान घरी आलं असेल, मामीचा गुडघाही थोडा ऐकत असेल. (फोनवर तुम्ही 'हलो हलो' करून ठेवून देता, म्हणून पत्र.) मामाजी, मी नुसता नाचून राहिलो! आपला सिनेमा चालला!

आपला म्हणजे तोच, जो धान रोवण्याच्या दिवसांत तुमच्या बांधीत काढला आणि तुम्ही विचारलं होतं, "हिरो कुठं आहे?" हिरो नाही, गाणं नाही, गोष्टही नाही. तुमची रुचिका शेताच्या धुऱ्यावर बसून अकरा मिनिटं कॅमेऱ्याकडे पाहते, बस्स. याला प्रायोगिक लघुपट म्हणतात. (आई याला बॅटरी जाळणं म्हणते.) माझ्या आधीच्या, तणशीच्या गंजीवरच्या सिनेम्याला शेवटपर्यंत एकच माणूस बसला, तोही झोपलेला. म्हणून यंदा आपल्याच गावच्या मंडईत, दिवाळीनंतरच्या जत्रेत, नाटकवाल्यांच्या तोंडाला रंग लागेपर्यंत, पडदा बांधला. अन् काय सांगू! एक माणूस उठला नाही. फुटाण्याची पुडीसुद्धा वाजेना. माझ्या डोळ्यांत पाणीच आलं, म्हटलं, झाडीपट्टीला कला समजली!

तेवढ्यात मागून एक म्हातारी ओरडली, "कोणाची पोरगी आहे गा? बसून काऊन आहे? चालून दाखव म्हणा!" शेवटी रुचिका उठून धुऱ्यावरून चालत गेली (लाल मुंग्या चावल्या म्हणून, माझं दिग्दर्शन नव्हे), तर अख्ख्या मंडईनं टाळ्या वाजवल्या, "चाल बराबर आहे जी!" तेव्हा माझी ट्यूब पेटली. मंडईत पाहुणे पोरी पाहायला येतातच. त्यांना वाटलं, यंदा पडद्यावर दाखवून राहिले.

पडदा गुंडाळायच्या आत तीन पाहुण्यांनी तुमचा पत्ता घेतला. सगळ्यांचं एकच, इतका वेळ तोंड न उघडणारी पोरगी आजकाल भेटत नाही. (त्या अकरा मिनिटांची कसर तिनं घरी येईपर्यंत भरून काढली, हे मी बोललो नाही.)

आणि त्यातच कलकत्त्याच्या महोत्सवात हाच सिनेमा निवडला गेला! पुढच्या सिनेम्यातही रुचिकाच पाहिजे. तिला कुणी लग्न करून नेलं, तर माझं सगळं करिअर धुऱ्यावरच बसलं समजा.

तुमचा भाचा,
ओमेश

ता. क. पाहुणे रविवारी येऊन राहिले. पोहे भिजवा, पण होकार देऊ नका.

ता. क. दुसरा : रुचिकाला मनसोक्त बोलू द्या. पाहुणे आपोआप जातील.

ता. क. तिसरा : तिला हे पत्र फोनवर वाचून दाखवलं. म्हणते, "तुया सिनेम्यावानी लिहिलं. बाबाले काही समजणार नाही. सरळ लिही." तर सरळ लिहितो. मामाजी, रविवारी आईला घेऊन मीही येतो. चौथा पाहुणा मी. ती किती बोलते हे माहीत असून येणारा तेवढा एकच.