सीझन संपेपर्यंत

रुवी, मस्कत
शुक्रवार, दुपार

प्रिय जोहरा,

सलाम. पत्र बघून घाबरू नकोस, माझी तब्येत ठीक आहे. रोज फोन असताना हे कागद कशाला, असं तुला वाटेल. पण फोनवर आपण काय बोलतो? जेवलात का, पाणी आलं का, तिकडे ऊन किती. तेवढ्यात कोणीतरी येतं आणि राहिलेलं राहून जातं. आज बस गॅरेजला लावली आहे, ब्रेकचं काम निघालंय. मी जवळच राहणाऱ्या दोस्ताच्या, हुसेनच्या खोलीवर बसलोय, तो जुम्मा पढून, जेवून आडवा झालाय. बस तयार होईपर्यंत तुला डॅरियसची गोष्ट नीट सांगतो. तुकड्यातुकड्यांत थोडी सांगितली आहे, पण सगळी नाही.

त्याचा फोटो तुला पाठवला होता, मी त्याच्या कोपरापाशी उभा आहे तो. तू विचारलं होतंस, एवढा उंच माणूस करतो तरी काय? बास्केटबॉल खेळतो, असं मी म्हटलं. त्यावर तू म्हणालीस, ते ठीक, पण काम काय करतो? हाच प्रश्न मलाही पडला होता. आमच्या मालकाने, अर्बाबने, या हिवाळ्यात ही बस सोहार रस्त्यावरच्या एका छोट्या क्लबला भाड्याने दिली. पोरं सगळी इथलीच, कोणी बँकेत, कोणी पोलिसात, संध्याकाळी खेळणारी. बाहेरचा पगारी खेळाडू एकच, हा डॅरियस, अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या कुठल्यातरी नदीकाठच्या गावचा. छत्तिशी ओलांडलेला, दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या. मागच्या सीटांमध्ये त्याचे पाय मावेनात, म्हणून पहिल्याच दिवशी माझ्या शेजारी पुढे येऊन बसला आणि मग सीझनभर तिथेच बसला. माझं इंग्रजी तुला माहीत आहे. पण तो सावकाश बोलायचा आणि मी न लाजता, त्यामुळे जमलं.

आल्या आल्या त्याने मला एक स्टूल मागितलं. मला वाटलं, बसायला. पण ते त्याला पलंगाच्या पायथ्याशी लावायला हवं होतं, कारण कुठल्याच देशात त्याच्या मापाचा पलंग मिळत नाही. स्टूल मिळेना, म्हणून मी बरका गावच्या मासळीबाजारातून प्लास्टिकचा क्रेट आणला. खूप धुतला, तरी वास जाईना. तो म्हणाला, राहू दे, मंगोलियात मला मेंढीच्या लोकरीचं गाठोडं दिलं होतं, त्यापेक्षा मासळी बरी.

मंगोलिया ऐकून मी गाडी हळू केली. मग रोज एकेक देश निघायला लागला. फिनलंडमध्ये दुपारी तीनला काळोख पडतो. कोसोव्होत त्याला बेकरीच्या वर खोली दिली होती, पहाटे पावाच्या वासाने जाग यायची. उरुग्वेत, फिलिपिन्समध्ये, लेबनॉनमध्ये खेळून झालं होतं. मोठ्या संघात त्याला कधीच घेतलं नाही. एका उन्हाळ्यात बोलावलं होतं, चार दिवस सराव करून घेतला आणि घरी पाठवलं. तेव्हापासून एजंटचा फोन येतो, हा दोन बॅगा भरतो आणि निघतो. कुठे तीन महिने, कुठे पाच. मी विचारलं, कंटाळा येत नाही? म्हणाला, नवीन गावात पहिल्या सकाळी बाहेर पडायचं आणि लोक नाश्त्याला काय खातात ते बघायचं, याचा कंटाळा कसा येईल? इथे आल्यावर दुसऱ्याच दिवशी तो टपरीवर करक, म्हणजे इथला कडक दुधाचा चहा, घेत आणि पराठा खात उभा होता, भोवती निम्मा बाजार जमलेला.

सामना असला की मी बसमध्ये सीट मागे करून झोपायचो. एकदा त्याने खिडकीवर टकटक केली आणि म्हणाला, आत ये, बघ, आणि परतताना सांग मी काय केलं. मी बघितलं. परतताना म्हटलं, तू सहा पॉइंट केलेस. तो हसला. म्हणाला, ते तर फळ्यावर लिहिलं होतं, मी केलं काय?  पुढच्या सामन्यात मी चेंडूकडे बघणं सोडलं आणि फक्त त्याच्याकडे बघत राहिलो. जोहरा, तो उभा राहतो. आमचा रशीद म्हणून एक पोरगा आहे, नेम चांगला, पण समोरचे त्याला सोडत नाहीत. हा धावत जाऊन त्यांच्या वाटेत भिंतीसारखा उभा राहतो, ते याच्या छातीवर येऊन आदळतात, आणि तेवढ्यात रशीद मोकळा होतो. टाळ्या रशीदला. हा खाली पडलेला असतो, उठतो, पुन्हा पळतो. मी त्याला म्हटलं, तू दुसऱ्यांसाठी मार खातोस. तो खूश झाला. म्हणाला, आता तुला खेळ कळायला लागला.

त्या दिवसापासून मी एकही सामना चुकवला नाही. तू फोनवर म्हणायचीस ना, आवाज कसला येतोय, तो तिथलाच.

मग गेल्या आठवड्यात व्हायचं ते झालं. आम्ही फायनलला पोचलो आणि मॅनेजरला वाटलं, म्हाताऱ्या गुडघ्यांवर फायनल नको. सर्बियाचा एक तरुण खेळाडू मागवला. डॅरियसला मोबाइलवर मेसेज आला, थँक यू, उद्याचं तिकीट काढलंय. मला हुकूम आला, त्याला विमानतळावर सोड. मला इतका राग आला होता की गिअर नीट पडेना. तो मात्र खिडकीतून खजुरीच्या बागा बघत होता. बरका आल्यावर म्हणाला, भूक लागली. मी त्याला बाजारामागच्या मल्याळ्याच्या हॉटेलात नेलं. सुरमई येऊन ताटात पडली आणि त्याचा फोन वाजला. मॅनेजर होता. नव्या खेळाडूचा सकाळच्या सरावात घोटा मुरगळला होता. परत ये, फायनल खेळ.

त्याने फोन टेबलावर पालथा ठेवला आणि मला विचारलं, तू काय केलं असतंस? मी म्हटलं, मी गेलो नसतो, हाकलून दिलेल्या घरात कोण परत जातं? त्याने माशाचा काटा काढून ताटाच्या कडेला ठेवला. मग म्हणाला, मजीद, मी इतक्या देशांत खेळलो, पण सीझनचा शेवटचा सामना हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या वेळाच बघितलाय. कुठे पैसे संपले म्हणून पाठवलं, कुठे माझा पाय दुखावला, कुठे दुसरा चांगला मिळाला. फिनलंडचा संघ त्या वर्षी जिंकला, मला ते फोटोत कळलं, फोटोत मी नव्हतो. अपमान वगैरे मला कळतो, पण त्याहून जास्त मला बघायचंय की या पोरांचं पुढे काय होतं. एवढं बोलून त्याने अजून एक पराठा मागवला. जेवण झाल्यावर मी यल्ला, चल, म्हटलं आणि बस उलटी वळवली.

फायनल आम्ही हरलो, एका पॉइंटने. शेवटच्या क्षणी डॅरियस पुन्हा तसाच उभा राहिला, दोघे त्याच्यावर आदळले, रशीद मोकळा झाला, चेंडू रिंगवर गोल फिरला आणि बाहेर पडला. रशीद तिथेच बसून रडायला लागला. डॅरियस लंगडत त्याच्याकडे गेला, त्याला उठवलं, कानात काहीतरी म्हणाला. काय म्हणाला, ते मी नंतर विचारलं. म्हणाला, मी त्याला सांगितलं की नेम बरोबर होता, पुन्हा संधी मिळाली तरी मी तुलाच मोकळं करेन.

पण मला तुला सांगायचंय ते त्यानंतरचं. आमची पोरं मान खाली घालून बसमध्ये येऊन बसली. डॅरियस येईना. मी आत बघायला गेलो तर हा बाकावर बसलेला, गुडघ्यांवर बर्फ, आणि चेहरा जत्रेत आलेल्या पोरासारखा. दुसऱ्या संघाला पदकं मिळत होती, ते तो बघत होता. मग कप उचलला, फोटो झाले, त्यांच्या आया-बहिणी खाली उतरून आल्या. मग खुर्च्या उचलल्या, जाहिरातींचे कापडी फलक गुंडाळले, एक बंगाली माणूस झाडू घेऊन आला. मी म्हटलं, चल, पोरं थांबलीत. तो म्हणाला, एक मिनिट, झाडून होऊ दे. आम्ही दोघं शेजारी बसून झाडताना बघत राहिलो. हरलेल्या माणसाला इतकं समाधान झालेलं मी कधी बघितलं नव्हतं.

काल त्याला विमानतळावर सोडलं. पुढे कुठे जाणार, म्हणून विचारलं, तर म्हणाला, घरी. गावच्या शाळेत मुलांना शिकवायला बोलावतायत, आता जाईन म्हणतो. मिठी मारताना वाकला आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, मजीद, तुझा सीझन कधी संपतो? मी हसून त्याच्या बॅगा ट्रॉलीवर चढवल्या. परत येताना रस्ताभर तोच प्रश्न. आपल्या लेकीच्या, कुबराच्या जन्माला मी नव्हतो, तिची मेंदी बघितली आणि पाठवणीच्या दुसऱ्या दिवशी विमानात बसलो. घराचा पाया माझ्यासमोर खणला, वरचा मजला मी फोटोत बघितला. आईच्या आजारपणात दोन आठवडे आलो आणि ती गेली तेव्हा इथे सलालाच्या रस्त्यावर होतो. प्रत्येक गोष्टीच्या मधूनच उठून आलेला माणूस मी.

आज सकाळी अर्बाबने नेहमीसारखं विचारलं, अजून दोन वर्षं? दरवेळी मी इन्शाल्ला म्हणतो. आज माझ्या तोंडून खलास निघालं. तो चांगला माणूस आहे, रागावला नाही, म्हणाला, घरी विचारलंस का? तेव्हा लक्षात आलं की विचारलेलं नाही, आणि म्हणून हे पत्र. जोहरा, तुझं घर तू एकटीने चालवलंस. सकाळी कोण कधी उठतं, मीठ कुठल्या डब्यात असतं, संध्याकाळी तू कोणाकडे बसायला जातेस, मला यातलं काहीच माहीत नाही. मी आलो की तू चांगल्या चादरी काढतेस, आणि सुट्टी संपत आली की मला कळतं, तुलाही आपल्या रोजच्या लयीत परत जायचंय. त्याचं मला वाईट वाटत नाही, नवल वाटतं. तुझा रोजचा दिवस कसा असतो ते मला बघायचंय, पाहुण्यासारखं नाही. ईदच्या आधी येऊ शकतो, आणि मग परत जायचं नाही. पण येऊ का, हे तू सांगायचंस. तुला थोडा वेळ हवा असेल तर घे. नको वाटलं तरी मोकळेपणाने लिही. मी थांबतो.

तुझाच,
मजीद