बाबांच्या कार्डावरून

सोमवार, संध्याकाळी, बोळिंज

आज वटारला जाऊन आले. सासऱ्यांची सही हवी होती. त्यांच्या रेशनकार्डावरून माझं आणि माझ्या परीचं नाव कमी झाल्याशिवाय आम्हाला वेगळं कार्ड मिळणार नाही, असं कचेरीतला माणूस म्हणाला होता. बाबांना पेन्शन आहे, म्हणून त्यांचं कार्ड पांढरं. त्यावर धान्य नाही. हे गेल्यापासून मी दोन घरची पोळीभाजी करते, त्यात आम्हा मायलेकींचं भागत नाही. पण बाबांना हे कसं सांगायचं? रिक्षात सगळा वेळ तोच विचार.

बाबांनी चष्मा लावून अर्ज वाचला. मग कपाटातून कार्ड आणलं. सासूबाईंच्या नावावर रेघ, ह्यांच्या नावावर रेघ. त्या दोन रेघांवरून ते बोट फिरवत राहिले.

"ही दोघं गेली म्हणून काढली. तू तर समोर बसलीयस."

त्यांनी पाण्याचा पेला माझ्यापुढे सरकवला.

"परीचं तरी राहू दे."

"धान्य माणशी मिळतं, बाबा."

इतकं कोरडं का बोलले मी? निदान त्यांनी दिलेलं पाणी तरी आधी प्यायचं.

त्यांनी सही केली. पुन्हा त्या रेघांवर बोट. मग म्हणाले, "आता कार्डावर कोण उरलं?"

"तुम्ही."

"बरं. जेवून जा."

भात त्यांनीच वाढला. परीसाठी वेगळा डबा भरला. मला भूक नव्हती, तरी ताट रिकामं केलं. आज त्यांच्यासमोर अन्न टाकायची हिंमत नव्हती.