तिसऱ्या रविवारची हरकत

२ नोव्हेंबर २००३, रविवार

पहिली पुकार झाली! पाळकांनी चर्चमध्ये आमच्या लेकीचं, तनयाचं, आणि सुदर्शनचं नाव वाचलं आणि विचारलं — या विवाहाला कुणाची हरकत असल्यास सांगावी. असं तीन रविवार विचारतात. आज कुणी बोललं नाही. माझा थोरला भाऊ अनंतदादा मात्र असा खोकला, की पुढच्या बाकावरच्यांनी वळून पाहिलं. खोकला छातीचा नव्हता, कुळाचा होता.

आमचे पणजोबा वेदशास्त्रसंपन्न. बाप्तिस्मा घेतला, धर्म सोडला — शास्त्रीपण सोडलं नाही. चार पिढ्या झाल्या, घरात बायबल मराठीत आणि तोरा संस्कृतात. (मीही एम.ए. संस्कृतच. बातम्या लिहिताना फार उपयोग होतो, विशेषतः पाणीकपातीच्या.) सुदर्शनचे आजोबा नगरकडच्या गावकुसाबाहेरच्या वस्तीतून बाप्तिस्म्याला गेले. आम्हीही ख्रिस्ती, तेही ख्रिस्ती. देवाला फरक कळत नाही. दादाला कळतो.

५ नोव्हेंबर

दादाचा फोन. "बाळ, अल्पसंख्याकांवरच्या अन्यायाच्या बातम्या तू पेपरात दे. घरी कशाला आणतोस?"

तिसऱ्या रविवारी उठून हरकत घेणार म्हणतो! हरकतीला कारण लागतं. याच्याकडे नुसतं नाक आहे.

तनया हिंजवडीहून दमून आली. तिला सांगितलं. "बाबा, ऑफिसात आम्हाला एकच प्रश्न विचारतात, काम कधी देताय? काकांना म्हणावं, तुम्हीही तेवढंच विचारा." पोरगी माझीच.

८ नोव्हेंबर, शनिवार

आज वाघोलीहून सुदर्शन आईवडिलांना घेऊन चहाला आला. बापूराव कारखान्यातून निवृत्त झालेले फिटर. बोलणं कमी, पाहणं जास्त. मालनबाई उलट.

बायकोनं, श्यामलानं, कौतुकानं काचेच्या कपाटातले कप काढले, मिशनच्या मडमेनं आजीला दिलेले. मोजून तीनच उरलेत. ते पाहुण्यांना दिले, आम्ही घरचे स्टीलच्या पेल्यांतून प्यायलो. मालनबाईंनी एकदा कपाकडं पाहिलं, एकदा आमच्या पेल्यांकडं.

"आमचे कप येगळे व्हय?"

"अहो, चांगले म्हणून दिले!" — श्यामला रडकुंडीला.

"माझ्या सासूला बी बामणाच्या वाड्यात येगळा कप होता. कान तुटका. वळचणीला खोचून ठेवल्याला. ह्यो चांगला हाय, एवढाच फरक."

मी शहाणा. उठून त्यांच्या कपातला चहा माझ्या पेल्यात ओतून घेतला आणि प्यायलो.

"आता उष्टं पिऊन दाखिवता?"

मी शास्त्र्यांचा पणतू, पेला खाली ठेवला. सुदर्शन जमिनीकडं बघत बसला, तनया त्याच्याकडं.

आणि मग दादा, तोही चहाला होता! पाहुणे निघताना बापूरावांना दारात म्हणतो, "बँडचा खर्च नाही ना तुम्हाला? वाजवणारे घरचेच असतील." हलगी-ताशा वाजवणं हे त्यांच्या वाडवडलांवर लादलेलं जातीचं काम. दादाला पक्कं ठाऊक आहे. मी हसून विषय बदलला. वाघोलीच्या रस्त्यावरचं ट्रॅफिक वगैरे.

९ नोव्हेंबर

दुसरी पुकार. वाघोलीचं कुणी आलं नाही. दादा खोकला नाही. तयारी करत असावा.

१२ नोव्हेंबर

तनया माझ्याशी बोलत नाही. म्हटलं, "कपांचा गैरसमज होता गं." म्हणाली, "कपांचं मालनकाकूंना कालच पटलं. मी जाऊन सांगितलं." मग काय राहिलं, विचारलं. दार लावून घेतलं तिनं.

दादाला फोन केला — हरकत घेतलीस तर भाऊ म्हणून तोंड बघणार नाही! बरं वाटलं. बाणेदार वगैरे.

१६ नोव्हेंबर

तिसरा रविवार. पाळकांनी विचारलं. मी डोळे मिटून घेतले. दादा बसूनच राहिला. झालं! सुटलो!

बाहेर फाटकापाशी बापूराव उभे होते. मी हात पुढं केला. त्यांनी नमस्कार केला, लांबूनच.

"आमची हरकत हाय."

"अहो, आता तर सगळं सुरळीत —"

"आत उठलो न्हाई. देवासमोर तुमची शोभा कशाला? पोरगी गुणाची हाय, तिला आमची म्हणून नेतो. तुमच्याशी सोयरीक नको."

"दादाच्या वतीनं मी हात जोडतो तुम्हाला."

"त्यांचं सोडा. ते तोंडावर बोलले. त्या वक्ताला तुम्ही हसला."

सवयीनं हसलो हो! वाईटपणा नको म्हणून! हे सांगायला तोंड उघडलं, तर तनया मालनबाईंची पिशवी घेऊन रिक्षात बसत होती. दादा मागून म्हणाला, "बघ, म्हणजे आता यांनी आपल्याला नाकारायचं?" मी त्याच्याकडं पाहिलं नाही. आठ दिवस उशीर झाला होता.

१९ नोव्हेंबर

लग्न शनिवारी, वाघोलीला. श्यामलाला बोलावलंय. मला नाही. निरोप बापूरावांचा नव्हे. तनयाचा.