जाळरेषेवरची जोडी

३ फेब्रुवारी २०२५

नापास! पाच किलोमीटर, पाठीवर वारा मारायचा दहा किलोचा ब्लोअर, वेळ पंचेचाळीस मिनिटं. मला बावन्न लागली.

वनपाल जितेंद्र साहेब म्हणाले, "मॅडम, तुम्ही फोनवर बसा ना. आग लागली की निरोप द्यायचा. तेही वणवा पथकाचंच काम." फोनजवळ तर मी रिटायर झाल्यापासून बसलेलीच आहे. पुढच्या सोमवारी पुन्हा चालून दाखवते, म्हटलं.

४ फेब्रुवारी

पोटऱ्यांचे दगड झालेत. जिन्यात अनंत भेटला. सख्खा भाऊ, वरच्या मजल्यावर राहतो. "ताई, अठ्ठावन्नाव्या वर्षी जंगलात आग विझवायला? शाळा सुटली, आता तरी स्वस्थ बस." त्याची पावलं दिवसभर माझ्या डोक्यावर वाजतात. बोलणं महिन्यातून एकदा.

१० फेब्रुवारी

चव्वेचाळीस मिनिटं. पास! पथकाचा बिल्ला मिळाला. घरी दाखवायला कुणी नाही. जेवताना समोर ठेवला.

१८ फेब्रुवारी

शिकणं सुरू. साडेपाचला उठायचं, स्कूटरनं खापरखेड्याच्या पुढे, सातला टेकडीखाली हजर. शिकवणारे रामाजी — तीस वर्षं अंगारी, म्हणजे उन्हाळाभर जंगलाची आग राखणारा माणूस. शिक्षण पाचवी. मी बी.एस्सी., वही उघडून त्यांच्यापुढे उभी! पण माणूस पक्का. जाळरेषा त्यांनी एका वाक्यात समजावली: पट्ट्यातला पालापाचोळा आपणच आधी जाळून टाकायचा, मोठी आग आली की तिला तिथं खायला काही उरत नाही.

सगळं काम जोडीनं. पट्टा जाळून झाला की प्रत्येक खुंट हातमोजा काढून, हाताच्या पाठीनं तपासायचा, आत धग उरली नाही ना. मग जोडीदारानं तोच पुन्हा तपासायचा. "तळहाताले घट्टे असतात, तो खोटं बोलते," रामाजी म्हणाले. "हाताची पाठ नाई बोलत."

माझी जोडीदार गोपिकाबाई. इथल्याच गावची, पंचेचाळिशीची. टेकडीवर चढलो तर दक्षिणेला हा मोठा धूर! मी जोरात शिट्टी फुंकली. सगळे धावत आले.

"वणवा नोहे, बाई! पावर हाऊस हाय खापरखेड्याचं!"

रोज ज्याच्यासमोरून येते तेच! गोपिकाबाई म्हणाल्या, "जा, विझवून या. अख्ख्या नागपूरचे पंखे बंद!" सगळे पोट धरून हसले. मीही. तेहतीस वर्षं शाळेत होते, शेवटी पर्यवेक्षिका. माझ्यावर असं तोंडावर कुणी हसलं नव्हतं. बरं वाटलं, हे इथेच लिहिते.

६ मार्च

डबा खाताना गोपिकाबाईंनी विचारलं, "घरी कोण कोण असते?"

"मी."

"अन्?"

"मीच."

त्यांनी अर्धी भाकर माझ्या डब्यात ठेवली. "उद्यापासून दोघींची आणीन." नको म्हटलं. सवय लागते.

१४ मार्च

धुळवड. दार वाजलं नाही.

२१ मार्च

पानं पुन्हा साचलेली, म्हणून नाल्याच्या अलीकडचा पट्टा परत जाळला. आमच्या हद्दीत वीस खुंट. गोपिकाबाई एकेका खुंटाशी बसून राहतात, मुळाशी उकरतात, वास घेतात. ऊन चढत होतं. मी म्हटलं, "तुम्ही जा. मी बघते."

"जोडीनं पाहू ना, बाई. काहून घाई?"

"मी बघितलं म्हणजे बघितलं."

गेल्या. वीसच्या वीस थंड. वहीत खुणा केल्या. एकटीनं काम लवकर होतं.

२२ मार्च

आग! खरी!

दुपारी दोनला फोन. पोचेपर्यंत अर्धा उतार पेटलेला. वणव्याला आवाज असतो हे माहीत नव्हतं — पत्र्यावर गारा पडाव्यात तसा. तोंडाला फडकं बांधून चार तास. गोपिकाबाई दाताळ्यानं पाला मागे ओढत होत्या, मी ब्लोअरनं ज्वाळा उलट जळलेल्या बाजूला ढकलत होते. एकदा वारा फिरला आणि मला काही दिसेना. त्यांनी माझ्या ब्लोअरचा पट्टा धरून मागं खेचलं. "मरता काय, बाई!"

साडेसहाला विझली. भुवया जळाल्यात. सात हेक्टर गेलं. पाहुणी म्हणून नाही, कामाची म्हणून लोकांनी मला पाणी दिलं.

२३ मार्च

साहेबांनी कारण विचारलं. मी सकाळीच नाल्यापलीकडे जाऊन आले होते. गोपिकाबाईंच्या मोहाच्या झाडाखाली राखेचं गोल रिंगण, ताजं. मोहफुलं वेचायला सोपी जावीत म्हणून गावात झाडाखालचा पाला जाळतात. पथकात आल्यावर ते सोडायचं, अशी पहिल्या दिवशी सगळ्यांनी शपथ घेतलेली.

नियम म्हणजे नियम. अहवालात नाव लिहून दिलं. मग त्यांना बोलावून विचारलं. "पाला जाळलात?"

"जाळला."

बस्. दुसरं काही नाही. साहेबांनी त्यांचा बिल्ला काढून घेतला, हंगामभर काम बंद केलं. गोपिकाबाईंनी दाताळं भिंतीला टेकवून ठेवलं आणि गेल्या.

२४ मार्च

मला जोडी नाही. रामाजी स्वतः माझ्याबरोबर चालले. उतरताना एवढंच — "लय घाई असते, बाई, तुम्हाले."

२७ मार्च

डबा झाडाखाली. बाकीचे दुसऱ्या झाडाखाली.

३० मार्च

पाडवा. अनंतनं वर गुढी उभारली. श्रीखंडाची वाटी दारात ठेवून गेला. बेल न वाजवता.

४ एप्रिल

आज साहेबांनी उपग्रहावरून आलेला नकाशा दाखवला. दोन हजारांवर शाळकरी मुलांची नकाशावाचनाची परीक्षा घेतलेली मी — नकाशा वाचता येतो. आगीचा पहिला लाल ठिपका नाल्याच्या अलीकडे. मोह पलीकडे, आणि नाल्याच्या वाळूवर जळाल्याची खूणसुद्धा नाही. साहेब म्हणाले, "ठिपका थोडा इकडेतिकडे होतो, मॅडम. मनावर घेऊ नका." कागद फायलीत गेला.

मी एकटीच वर गेले. अकरावा खुंट. खुंट नाहीच! जागी खड्डा. आत हात घातला — मूळ जमिनीखालून हातभर लांब जळत गेलेलं, जाळरेषेच्या पार. टोकाला पहिला काळा गवताचा पुंजका.

वहीत अकराव्यापुढे माझी खूण. त्या दिवशी हातमोजा काढला होता का? पहिल्या पाच-सहा खुंटांना, हो. मग ऊन चढलं.

५ एप्रिल

नकाशा फायलीत आहे. खुंटाचा खड्डा पावसात बुजेल. राखेचं रिंगण खोटं नव्हतं — शपथ त्यांनी मोडलीच. त्यांनी स्वतः कबूल केलं.

शाळेत अशी कारणं सांगणाऱ्या मुलींना मी वर्गाबाहेर उभं करत असे.

६ एप्रिल

खरं लिहिते. शरम वाटत नाही. भीती वाटते. सांगितलं की बिल्ला जाणार. मग साडेपाचला उठून करायचं काय? कुठे जायचं?

७ एप्रिल

दिवसभर घरी. अनंतची पावलं मोजली. काहीच्या काही.

८ एप्रिल

सकाळी साहेबांना लेखी दिलं: आग अकराव्या खुंटातून उठली, तपासणी मी एकटीनं केली, नीट केली नाही. गोपिकाबाईंचं नाव खोडावं. सही. बिल्ला टेबलावर ठेवला.

मग गावात गेले. गोपिकाबाई अंगणात मोहफुलं वाळत घालत होत्या. उभ्या उभ्याच सगळं सांगितलं.

"मले ठाऊक हाय. आगीच्या दिवशीच पाह्यला तो खुंट."

"मग बोलला का नाहीत?"

"नाव लिहून झाल्यावर इचारलं तुमी मले. अन् पाला तं जाळला होताच मी, कोण मानलं असतं?" फुलं पसरत राहिल्या. "रामाजीले सांगतलं. ते म्हणे, साहेबाले सांगून देतो. मी म्हटलं, नोको. बाई सोता येते सांगाले."



त्यांनी खाट पुढे ओढली. "बसा. सोळा दिवस वाट पाहून राहिली मी तुमची."