शिकारीतला वाटा

प्रिय एविन्ददादा,

आईच्या मृत्यूबद्दल डॉक्टरविरुद्ध केलेली तक्रार बर्गनच्या कचेरीकडे हलवावी, हा माझा अर्ज फेटाळला गेला. कचेरीतल्या तुरडिसने आजच सांगितलं. चौकशी इथला अधिकारी आर्नफिनच करणार. डॉक्टर ज्या शिकारटोळीत आहे, तिचा तो म्होरक्या.

"पक्षपात कसला गं? त्यांच्या शिकारीतला हरणाचा वाटा तू यंदाही घेतलास की," ती म्हणाली. "आर्नफिनने तसं लेखी कळवलंय."

टोळीतर्फे वाटा दरवर्षी तूच आणतोस. सख्ख्या भावाला दारातून परत कसं पाठवू? पण यंदा तू आत आला नाहीस. मी पिशवी हातात घेईपर्यंत नुसता बघत राहिलास.

हे पत्र मी तुला पाठवणार नाही. सोमवारी सकाळी दहाला सुनावणी आहे. डॉक्टरच्या साक्षीदारांत पहिलं नाव तुझं आहे.

तुझीच बहीण,
गुडनी