सात ठिकाणचा चार्ज

पहूर, ता. जामनेर
१९ जानेवारी २०२५

चि. ललित यास,
अ. उ. आ. वि. वि.

तुझं पत्र सूनबाई पुनमने मोबाईलवरून छापून आणलं. फोनवर बोला असं आता म्हणू नकोस. कानातलं यंत्र नुसत्या शिट्ट्या मारतं आणि मी भलतंच उत्तर देतो. पत्रच बरं. माझा भाऊ तुला अमेरिकेला घेऊन गेला तेव्हा तू अकरा वर्षांचा होतास, आणि महिन्याला एक मराठी पत्र लिहीन असं मी तुझ्याकडून वदवून घेतलं होतं. बावीस वर्षं झाली, तू चुकला नाहीस. अक्षर मात्र अजून चौथीतलंच आहे.

तर पुन्हा बदली! आता म्हणे ओहायो. अरे, नऊ वर्षांत हे सातवं ठिकाण! मी जिल्हा परिषदेचा मास्तर, अकरा बदल्या काढल्या, पण छत्तीस वर्षांच्या नोकरीत. तुझे हे छपराखालच्या फुटबॉलवाले आमच्या साहेबांच्याही वरताण निघाले. माणसानं सामान उघडायचं कधी आणि बांधायचं कधी? लग्नाचं नाव काढलं की तुझी काकू म्हणते, पोरीच्या बापाला गाव कोणतं सांगू?

तू दर वेळी लिहितोस की नवीन मुलाला दोन-तीन महिने सगळं शिकवलं, चार्ज दिला आणि निघालो. हे वाचून छाती फुगते, खोटं कशाला सांगू. पण आता पुरे झालं. मी धुळ्याला जाऊन गिरधरभाऊंना भेटणार आहे. आमच्या ऑफिसात हेडक्लार्क होते, इंग्रजी अर्ज लिहावा तर त्यांनीच. तुझ्या वरिष्ठांना रीतसर विनंती अर्ज करू, की या मुलाला एका जागी कायम करा.

इकडे थंडी बरी आहे. काल भरीत केलं होतं, तुझ्या वाटचं मी खाल्लं. काकूचे आशीर्वाद.

तुझा,
नाना


ओहायो
८ फेब्रुवारी २०२५

ती. नाना यांस,
शि. सा. न. वि. वि.

अर्ज पाठवू नका. हात जोडतो. तो तुमचा अर्ज इथे सगळे वाचतील आणि हसतील, एवढ्यासाठी म्हणत नाही. कारण वेगळं आहे, आणि ते मी नऊ वर्षं तुमच्यापासून लपवलं.

नाना, इथे बदली नसते. इथे काढून टाकतात.

आधी खेळ सांगतो, कधी नीट सांगितलाच नाही. बर्फावरच्या हॉकीचं बंदिस्त मैदान असतं, त्यावर हिरवा गालिचा अंथरतात. भोवती कमरेएवढी गाद्या लावलेली भिंत. दोन्हीकडे आठ-आठ गडी. चेंडू माझ्या हातात येतो आणि तो कुणाकडे फेकायचा हे मी तीन सेकंदांत ठरवायचं. उशीर झाला की सव्वाशे किलोचा एक राक्षस मला उचलून भिंतीपलीकडे, थेट प्रेक्षकांच्या मांडीवर टाकतो. माझ्या या जागेला क्वार्टरबॅक म्हणतात. मोठ्या मैदानावरचे क्वार्टरबॅक टीव्हीवर दिसतात. आम्ही लहान गावांतून खेळतो, आणि एक संघ नको म्हणाला की गाडीत बॅग टाकून दुसऱ्या संघाचं दार वाजवतो.

मी ज्यांना शिकवलं ती मुलं माझ्यापेक्षा तरुण होती. शिकली आणि संघानं त्यांना ठेवलं, मला घालवलं. सहा वेळा हेच झालं. पहिल्या वेळी कॅन्ससमधून निघालो तेव्हा तुम्हाला काय लिहावं सुचेना. तुम्ही सगळ्यांना सांगत होतात की पुतण्या अमेरिकेत खेळतो. मग तुमचाच शब्द उचलला, चार्ज दिला. तुम्ही उलट टपाली इतकं कौतुक केलंत की नंतर खरं सांगायची हिंमतच राहिली नाही.

आता इथे आम्ही तिघं आहोत आणि दोघांनाच ठेवणार. डेव्हन नावाचा बावीस वर्षांचा मुलगा आहे, त्याला रोज संध्याकाळी मीच शिकवतो. माझा उजवा खांदा असा झालाय की सकाळी भांग पाडता येत नाही. दहा मार्चला यादी लागेल. तीत नाव नसलं तर तेहतिसाव्या वर्षी मला दुसरं कुणी बोलावणार नाही. बाबांनी त्यांच्या मित्राच्या गोदामात शब्द टाकून ठेवलाय. जाईन तिथे. पण या खेळाशिवाय मला दुसरं काही करावंसं वाटत नाही, नाना. राग आला असेल तर तसं लिहा, पण लिहा.

काकूला नमस्कार.

तुमचा,
ललित


पहूर
१५ फेब्रुवारी २०२५

चि. ललित यास,
अ. उ. आ.

राग आला. चार दिवस कागद पुढ्यात घेऊन बसलो आणि काही लिहिलं नाही, यावरून ओळख.

मी मास्तर माणूस. पोरगं नापास झालं तर मारलं असेल, पण खोटं बोललं तर दुप्पट मारलंय. नऊ वर्षं तू मला वेड्यात काढलंस! पाराजवळ बसून मी प्रत्येकाला सांगत होतो, आमच्या ललितची नेब्रास्काला बदली झाली, मोंटानाला झाली. सुकदेव आप्पा एकदा विचारत होता की खेळाडूची कधी बदली होते का. त्याला मी म्हटलं, तुला काय कळतं. आता त्याच्यासमोरून जायची सोय राहिली नाही.

आणि अर्ज गेला, बाबा. तुझं पत्र यायच्या दहा-बारा दिवस आधीच गेला. गिरधरभाऊंनी दोन दिवस लावून टाइप केला, आपल्या हौसेचे दोन गोल शिक्के मारले, स्पीड पोस्टानं धाडला. वर तुझ्या संघाच्या मुख्य प्रशिक्षकाचं नाव, खाली माझी सही, सेवानिवृत्त मुख्याध्यापक म्हणून. सोबत परिशिष्ट जोडलंय. तुझी सगळी जुनी पत्रं काढली, ठिकाणं आणि वर्षं लिहिली, कोणत्या गावी कोणाला किती महिने शिकवून चार्ज दिलास, तेही नावानिशी. म्हणजे तुला कुठून कुठून काढलं याची यादी मीच तुझ्या साहेबाला करून पाठवली. हे माझ्या हातून काय होऊन बसलं रे! परत मागवता येतं का म्हणून पोस्टात विचारून आलो. तो मुलगा म्हणाला, आजोबा, ते विमानात बसलं.

काकूला वाचून दाखवलं. ती धुळ्याकडची, तिला माझ्यासारखा ताप येत नाही. तिनं एवढंच विचारलं की पोऱ्याचा खांदा कसा शे, ते लिहिलंय का. तेव्हा मला माझी लाज वाटली. खांद्याला शेक दे. वजन उचलू नकोस. यादी लागली की काय ते कळव, चांगलं असो की वाईट. पण खरं कळव.

नाना


ओहायो
१२ मार्च २०२५

ती. नाना यांस,
शि. सा. न. वि. वि.

खांदा बरा आहे, हे काकूला आधी सांगा.

दहा तारखेला सकाळी भिंतीवर यादी लागली. माझं नाव नव्हतं. डेव्हनचं होतं. मी त्याला मिठी मारली आणि बॅग भरायला लागलो. तेवढ्यात प्रशिक्षकांनी आत बोलावलं. काढताना दोन शब्द बोलतात, त्याची मला सवय आहे, म्हणून उभाच राहिलो. त्यांनी बस म्हटलं. टेबलावर तुमचा अर्ज होता. गिरधरभाऊंचे दोन गोल शिक्के दिसले आणि धरणीनं पोटात घ्यावं असं झालं.

ते म्हणाले की बत्तीस वर्षांत त्यांना असं पत्र आलं नाही. आधी हसले, मग घरी नेऊन बायकोला वाचून दाखवलं. मग परिशिष्टावर बोट ठेवून त्यांनी मला विचारलं की ही सहा मुलं खरंच तू शिकवलीस का. मी हो म्हटलं. त्यांनी पेन्सिलीनं प्रत्येक नावापुढे लिहून ठेवलं होतं. सहापैकी चार जण आज आपापल्या संघाचे पहिल्या क्रमांकाचे क्वार्टरबॅक आहेत. त्यातल्या एकानं गेल्या वर्षी याच संघाला दोनदा हरवलं होतं. प्रशिक्षक म्हणाले की प्रत्येक संघानं त्या त्या वेळी फक्त आपला एकच मुलगा पाहिला, सहाही नावं एका कागदावर कुणी लिहिलीच नव्हती. मीही नव्हती लिहिली, नाना. मला ती फक्त माझी हार वाटायची.

त्यांनी मला क्वार्टरबॅकांचा प्रशिक्षक म्हणून ठेवलंय. तीन वर्षांचा करार आहे. उन्हाळ्यात मुलांचं शिबिरही माझ्याकडे. खेळणं संपलं, पण मैदान सुटलं नाही. बाहेर येऊन गाडीत बसलो आणि लहान मुलासारखा रडलो. किती हलकं वाटलं ते सांगता येत नाही. नऊ वर्षांनी काल पहिल्यांदा बॅग पूर्ण रिकामी केली.

गिरधरभाऊंना माझा साष्टांग नमस्कार कळवा.

तुमचा,
ललित


पहूर
१६ मार्च २०२५

चि. ललित यास,
अ. उ. आ. वि. वि.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं आणि काकूला दोनदा वाचून दाखवलं. ती म्हणाली की आता बठ्ठं (म्हणजे सगळं) चांगलं शे, आणि डोळे पुसत गेली ती थेट मारुतीला नारळ फोडायला. गिरधरभाऊंना कळवलं तर ते म्हणतात, त्यांनी लिहिलेला अर्ज आजवर नामंजूर झालेला नाही. आता वर्षभर हे ऐकावं लागणार.

काल संध्याकाळी पाराजवळ गेलो. सुकदेव आप्पा होता, वना होता, बाकीची रोजचीच मंडळी. मी उभा राहून सांगितलं की आमच्या ललितची बदली कधीच झाली नव्हती, त्याला दर वेळी काढून टाकलं होतं, मी तुम्हाला इतकी वर्षं चुकीचं सांगत होतो. सुकदेवनं विचारलं, मग आता कसं काय ठेवून घेतलं? मी म्हटलं, ज्यानं ज्यानं याची जागा घेतली, त्याला यानंच तयार केलं होतं, म्हणून. सांगताना मला अजिबात लाज वाटली नाही.

घरी येताना मात्र एक गोष्ट मनात आली, ती तुलाच लिहितो. मी अकरा वेळा चार्ज दिला. हजेरीपट मोजून द्यायचो, कपाटाच्या किल्ल्या टेबलावर ठेवायचो आणि मिळेल ती एस.टी. पकडायचो. माझ्या जागी येणाऱ्या मास्तरला शाळेतल्या एका पोराचीही मी कधी नीट ओळख करून दिली नाही. मला वाटायचं, जागा माझी होती, ती यानं घेतली.

तुझ्यावर जीव आहेच, आजपासून तुझा थोडा आदरही करीन म्हणतो.

तुझा,
नाना